आकाशातले पुसट डाग कुणी ओळखले?



थंडी सुरू झाली की आकाश धुतल्यासारखे स्वच्छ होते. डिसेंबर महिन्यात रात्री नऊच्या सुमारास गच्चीवर, मैदानात, किंवा गावी गेलात तर खळ्यावर जाऊन उभे राहा. चंद्र नसलेली रात्र निवडा. दिव्यांकडे पाठ करा आणि डोळ्यांना अंधाराची सवय होण्यासाठी पंधरा-वीस मिनिटे द्या. मग चांदण्यांच्या गर्दीत काही जागा वेगळ्या दिसतील. तिथे ठसठशीत चांदणी नसते, पुसट डाग असतो. पाटीवरचा खडू ओल्या बोटाने अर्धवट पुसावा तसा.

हे डाग काय आहेत हे समजायला माणसाला शेकडो वर्षे लागली. आणि ते समजून घेणाऱ्यांत कोण कोण होते? एक कारकून होता, एक घरकाम करणारी बहीण होती, एक मोलकरीण होती आणि एक खेचरे हाकणारा होता. आजच्या लेखात आकाशातले डाग आणि ही माणसे, दोघांचीही ओळख करून घेऊ.

तीन डाग, तीन जाती

पहिला डाग कृत्तिकांचा. साधारण डोक्यावर, किंचित पूर्वेला, द्राक्षांच्या लहानशा घोसासारखा तो दिसतो. चांगली नजर असेल तर सहा चांदण्या मोजता येतात. १६१० साली इटलीत गॅलिलिओने आपल्या छोट्या दुर्बिणीतून पाहून तिथले छत्तीस तारे कागदावर काढून दाखवले. आज आपल्याला माहीत आहे की तिथे हजाराहून अधिक तारे आहेत. ते एकाच ढगातून, जवळजवळ एकाच काळात जन्माला आले. त्यांचे वय सुमारे दहा कोटी वर्षे. आपला सूर्य सुमारे ४६० कोटी वर्षांचा, म्हणजे त्याच्यापुढे ही अगदी तान्ही पोरे. अशा एकत्र जन्मलेल्या ताऱ्यांच्या समूहाला तारकागुच्छ म्हणतात.

दुसरा डाग मृग नक्षत्रात. पूर्वेकडे चार पायांचा मोठा चौकोन आणि मधोमध बाणाचे तीन तारे एका ओळीत दिसतात. त्या बाणाच्या दक्षिणेला अंधुक ताऱ्यांची एक छोटी ओळ आहे. तिच्यातला मधला ठिपका नीट पाहा. तो तारा वाटत नाही, धुरकट वाटतो. तो तेजोमेघ आहे, म्हणजे वायू आणि धूळ यांचा प्रचंड ढग. त्याचे अंतर सुमारे १,३०० प्रकाशवर्षे. तिथे आजही नवे तारे तयार होत आहेत. ताऱ्यांचे ते बाळंतघरच म्हणा ना!

मृगाबद्दल एक गंमत सांगण्यासारखी आहे. जूनच्या पहिल्या आठवड्यानंतर 'मृग लागला' असे आपण म्हणतो, तेव्हा सूर्य त्या नक्षत्राच्या बाजूला गेलेला असतो. त्यामुळे मृगाच्या पावसाची वाट पाहणाऱ्या आपल्या आजोबांना त्या दिवसांत आकाशात मृग दिसतच नसे. तो पाहायला हिवाळाच हवा.

तिसरा डाग सर्वांत पुसट. तो शोधायला शहराबाहेरचा अंधार लागतो. वायव्येकडे शर्मिष्ठा नावाचे, इंग्रजी 'एम' अक्षरासारखे पाच तारे दिसतात. त्या अक्षराला दोन कोन आहेत. त्यांतला जास्त टोकदार कोन जिकडे बोट दाखवतो, तिकडे देवयानी नक्षत्रात एक लांबट फिकट ठिपका आहे. अल् सूफी या इराणी अभ्यासकाने इ.स. ९६४च्या आपल्या ग्रंथात 'लहानसा ढग' म्हणून त्याची नोंद केली होती. हा ढग नव्हे. ती अब्जावधी ताऱ्यांची दीर्घिका आहे, आपल्या आकाशगंगेसारखीच दुसरी. अंतर सुमारे २५ लाख प्रकाशवर्षे!

प्रकाशवर्ष म्हणजे काय, तेही इथेच समजून घेऊ. प्रकाश एका सेकंदात सुमारे तीन लाख किलोमीटर जातो. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत यायला सव्वाआठ मिनिटांहून थोडा अधिक वेळ लागतो. प्रकाश एका वर्षात जेवढे अंतर तोडतो ते एक प्रकाशवर्ष. म्हणजे सुमारे साडेनऊ लाख कोटी किलोमीटर. ताशी शंभर किलोमीटर वेगाने, एकाही स्टेशनवर न थांबता धावणारी गाडी मिळाली, तर एक प्रकाशवर्ष जायला तिला एक कोटी वर्षांहून अधिक काळ लागेल. यावरून २५ लाख प्रकाशवर्षांचा हिशेब ज्याने त्याने घरी करावा.

म्हणजे साध्या डोळ्यांना सारखेच वाटणारे तीन डाग, पण एक ताऱ्यांचे कुटुंब, दुसरा धुळीचा ढग आणि तिसरे ताऱ्यांचे अख्खे साम्राज्य. हे वेगळे कसे काढले?

कारकुनाची वही

शार्ल मेसिए याचा जन्म १७३० साली फ्रान्सजवळच्या लोरेन प्रांतात झाला. बारा भावंडांतला हा दहावा. अकरा वर्षांचा असताना वडील वारले. १७५१ साली तो पॅरिसला नोकरी शोधायला आला. फार शिक्षण नव्हते, पण अक्षर वळणदार होते. एवढ्या भांडवलावर नौदलाच्या ज्योतिर्विदाकडे त्याला काम मिळाले. काम काय, तर नकाशे उतरवून काढणे आणि वेधांच्या नोंदी वहीत लिहिणे. थोडक्यात, कारकुनी!

नोंदी लिहिता लिहिता तो स्वतः दुर्बिणीतून पाहायला शिकला आणि धूमकेतू शोधायच्या नादी लागला. १७५८ साली धूमकेतूच्या शोधात असताना त्याला वृषभ राशीत एक पुसट डाग दिसला. धूमकेतू दररोज जागा बदलतो. हा डाग जागचा हलेना. असे फसवे डाग आणखी सापडू लागले. तेव्हा या माणसाने अस्सल कारकुनासारखे केले. त्याने यादी करायला घेतली. प्रत्येक डागाला क्रमांक, जागा आणि दोन ओळींचे वर्णन. १७७४ साली छापलेल्या पहिल्या यादीत ४५ डाग होते, १७८१च्या यादीत १०३. पुढे इतरांनी भर घालून ती ११०वर नेली.

मेसिएने शोधलेले धूमकेतू आज फार थोड्यांना आठवतात. पण धूमकेतू शोधताना अडचण नको म्हणून केलेली ती यादी जगभरचे अभ्यासक अजून वापरतात. तिच्यात देवयानीची दीर्घिका ३१ क्रमांकावर, मृगातला तेजोमेघ ४२ वर आणि कृत्तिका ४५ वर आहेत. वृषभातल्या त्या पहिल्या डागाचा क्रमांक १. इ.स. १०५४ मध्ये चिनी निरीक्षकांनी तिथे एक तारा अचानक भडकलेला पाहिला होता. तेवीस दिवस तो दिवसाउजेडी दिसत होता. आज तो डाग दिसतो, तो त्या फुटलेल्या ताऱ्याचा उरलेला धुरळा आहे. अशाच फुटलेल्या जुन्या ताऱ्यांच्या धुरळ्यातून आपल्या शरीरातल्या काही मूलद्रव्यांचा साठा तयार झाला.

मी स्वतः कारकुनी करणारा माणूस. रोज तेच रजिस्टर आणि तेच रकाने, याला अर्थ काय असे कधी कधी वाटते. मेसिएच्या वहीने त्याचे उत्तर दिले आहे. नीट, खरी आणि इतरांना वापरता येईल अशी नोंद ठेवणे हे ज्ञानाचेच काम आहे.

बहीण आणि मोलकरीण

मेसिएच्याच काळात कॅरोलिन हर्शेल ही जर्मनीतली मुलगी वाढत होती. दहाव्या वर्षी तिला विषमज्वरासारखा कडक ताप आला. त्यानंतर तिची उंची सव्वाचार फुटांवरच थांबली. हिचे लग्न व्हायचे नाही, हिने घरकामच करावे, असे आईचे मत. १७७२ साली भावाने, विल्यमने, तिला इंग्लंडला नेले. तो दुर्बिणीचा आरसा तासन्‌तास घासत बसे आणि ही त्याला घास भरवी. मग तीही आकाश पाहू लागली. १७८३ साली तिने स्वतः काही तेजोमेघ व तारकागुच्छ शोधले, आणि पुढे आठ धूमकेतू. १७८७ साली इंग्लंडच्या राजाने तिला वर्षाला ५० पौंड वेतन बांधून दिले. विल्यमने नोंदवलेल्या अडीच हजार डागांची नीट मांडणी करून देणारी तीच. जिला आईने चुलीपाशी बसवायचे ठरवले होते, तिला १८२८ साली ब्रिटनच्या खगोल संस्थेने सुवर्णपदक दिले.

विल्यमिना फ्लेमिंगची कहाणी तर आपल्या वस्तीतल्या कितीतरी बायांना ओळखीची वाटेल. जन्म १८५७, स्कॉटलंडमध्ये. चौदाव्या वर्षापासून ती शाळेत शिकवण्याचे काम करी. १८७८ साली नवऱ्याबरोबर अमेरिकेत गेली. ती गरोदर असताना नवऱ्याने तिला टाकून दिले. परक्या देशात, पोटात मूल घेऊन, ती हार्वर्ड वेधशाळेच्या संचालकांच्या घरी मोलकरीण म्हणून राहिली. तिची हुशारी पाहून संचालकांनी १८८१ साली तिला वेधशाळेत कायमचे काम दिले. तिथे दुर्बिणीतून काढलेल्या फोटोंच्या काचा असत. त्या भिंगाखाली धरून तपासायच्या आणि नोंद करायची, हे तिचे काम.

१८८८ साली अशाच एका काचेवर, मृगाच्या बाणातल्या पूर्वेकडच्या ताऱ्याजवळ, उजळ पट्ट्यात तिला एक काळी खाच दिसली. घोड्याच्या मानेसारखा आकार असलेला हा काळा तेजोमेघ आज जगप्रसिद्ध आहे. पण १८९५ साली छापलेल्या यादीत हार्वर्डच्या या शोधांपुढे नाव आले ते संचालकांचे. फ्लेमिंगचे नाव नव्हतेच! पुढच्या यादीत, १९०८ साली, तिला श्रेय मिळाले. १९०० साली तिने आपल्या रोजनिशीत लिहून ठेवले आहे की तिला वर्षाला १,५०० डॉलर मिळतात आणि काही पुरुष सहाय्यकांना २,५००. काम तेच, तास तेच, पगार मात्र कमी. आयुष्यात तिने ५९ तेजोमेघ आणि ३००हून अधिक रूपविकारी तारे शोधले.

दिव्यावरून अंतर

डाग मोजून झाले, पण ते किती दूर आहेत? इथे गाडी अडली होती. पुष्कळ जाणते लोक म्हणत की हे सारे डाग आपल्याच आकाशगंगेत आहेत. ती अडचण सोडवणारे साधन हार्वर्डमध्येच, हेन्रिएटा लेविट या स्त्रीच्या टेबलावर तयार झाले. ती शिकलेली होती, पण तिला ऐकू येत नव्हते. दुर्बिणीशी बसून वेध घेण्याचे काम पुरुषांचे, म्हणून तिच्या वाट्याला काचा तपासणे आले. मजुरी ताशी ३० सेंट.

काही तारे ठरावीक दिवसांनी उजळतात व मंदावतात. दक्षिण गोलार्धातून दिसणाऱ्या दोन धुरकट डागांत तिने असे १,७७७ तारे शोधून १९०८ साली जाहीर केले. १९१२ साली त्यांतल्या २५ ताऱ्यांचा हिशेब मांडून तिने दाखवले की तारा जितका जास्त दिवसांनी उजळतो, तितका तो मुळात अधिक तेजस्वी असतो.

याचा उपयोग काय? समजा, रस्त्याच्या टोकाला दिवा दिसतो. तो शंभर वॅटचा आहे हे ठाऊक असेल, तर तो किती मंद दिसतो यावरून तो किती लांब आहे हे काढता येते. अंतर दुप्पट झाले की उजेड चौथाई होतो. ताऱ्याच्या उजळण्या-मंदावण्याचे दिवस मोजले की तो 'किती वॅटचा' ते कळते. मग अंतर हा फक्त गणिताचा भाग उरतो.

ऑक्टोबर १९२३ मध्ये अमेरिकेतल्या माउंट विल्सन डोंगरावर, शंभर इंची दुर्बिणीतून एडविन हबल याला देवयानीच्या डागात असाच एक तारा सापडला. लेविटचा नियम लावून त्याने अंतर काढले. ते लाखो प्रकाशवर्षे भरले. आपली आकाशगंगा पार करायला एवढे अंतर लागत नाही. म्हणजे देवयानी ही आपल्या बाहेरची, स्वतंत्र दीर्घिका. १ जानेवारी १९२५ रोजी वॉशिंग्टनच्या सभेत हा निबंध वाचला गेला आणि विश्व एकाएकी शेकडो पटींनी मोठे झाले. लेविट मात्र डिसेंबर १९२१ मध्येच वारली होती. १९२५ साली स्वीडनच्या एका गणितज्ञाने तिचे नाव नोबेलसाठी सुचवण्याचा विचार करून पत्र पाठवले, तेव्हा ती हयात नाही हेही त्याला माहीत नव्हते.

खेचरे हाकणारा

त्या माउंट विल्सन डोंगरावर दुर्बिणीचे सामान आणि लाकूडफाटा खेचरांच्या पाठीवरून चढवला जाई. ती खेचरे हाकणारा एक तरुण होता मिल्टन ह्युमसन. जन्म १८९१. चौदाव्या वर्षी शाळा सोडलेली. १९१७ साली तो तिथेच झाडलोट करणारा कामगार म्हणून लागला. मग रात्री दुर्बिणीवर मदतनीस. तिथे तो फोटोच्या काचा हाताळायला शिकला आणि त्याचा हात इतका बसला की वेधशाळेने त्याला अभ्यासकांच्या पंक्तीत घेतले.

दूरच्या दीर्घिकेचा प्रकाश अगदी मिणमिणता. त्याचा वर्णपट मिळवायला एकच काच अनेक रात्री उघडी ठेवावी लागे, आणि कडाक्याच्या थंडीत दुर्बीण केसाइतकीही न हलू देता नेमकी धरावी लागे. हे काम ह्युमसनने केले. १९३१ साली त्याने व हबलने मिळून दाखवले की दीर्घिका एकमेकींपासून दूर जात आहेत, आणि जितकी दीर्घिका लांब तितका तिचा वेग जास्त. विश्व पसरते आहे हे आज शाळेच्या पुस्तकात असते. त्यामागच्या मोजणीतला एक हात झाडू धरलेला होता. १९५० साली स्वीडनच्या लुंड विद्यापीठाने या आठवी-नववीत शाळा सुटलेल्या माणसाला मानाची डॉक्टरेट दिली.

आपला याच्याशी काय संबंध?

संबंध दुहेरी आहे. वृश्चिकाच्या नांगीपाशी मूळ नक्षत्र आहे. उन्हाळ्यात ते रात्री दक्षिणेकडे दिसते. नांगीजवळचा पुसट डाग म्हणजे मेसिएच्या यादीतला सातवा तारकागुच्छ, सुमारे हजार प्रकाशवर्षे लांब. त्याच बाजूला, २६ हजार प्रकाशवर्षांवर, आपल्या आकाशगंगेचे केंद्र आहे. इतकी देखणी जागा, आणि तिच्या नावाने आपल्याकडे 'मुळावरची मुलगी सासऱ्याला वाईट' असे म्हणून स्थळे मोडतात! त्या गुच्छाचा आज दिसणारा प्रकाश हजार वर्षांपूर्वी निघाला. तेव्हा ना ती मुलगी होती, ना तो सासरा. आपल्यातल्याही काही घरांत पत्रिका मागच्या दाराने परत येऊ लागली आहे. जे नक्षत्र कधी डोळ्यांनी पाहिले नाही, त्याच्या भीतीने लेकीचे आयुष्य ठरवू नये. तिला गच्चीवर नेऊन ते दाखवावे.

दुसरी गोष्ट अशी की हे सारे दूर अमेरिकेतच होते असे नाही. पुणे जिल्ह्यात नारायणगावजवळ खोडद येथे रेडिओ लहरी टिपणाऱ्या ३० प्रचंड अँटेना आहेत. प्रत्येकीचा व्यास ४५ मीटर. आजूबाजूला शेते आहेत. याच अँटेनांनी टिपलेला, एका दीर्घिकेतल्या हायड्रोजन वायूचा संदेश अभ्यासकांनी जानेवारी २०२३ मध्ये जाहीर केला. तो तिथून ८८० कोटी वर्षांपूर्वी निघाला होता. तेव्हा आपली पृथ्वीसुद्धा नव्हती.

आपली मुले हुशार नाहीत असे नाही. 'हे आपल्यासारख्यांचे काम नव्हे' हे वाक्य त्यांच्या कानावर फार लवकर पडते. ते वाक्य खोटे आहे, याचे पुरावे वर दिले आहेत. पण तेवढ्यावर थांबून 'कष्ट करा म्हणजे मिळेल' एवढेच मुलांना सांगणेही अपुरे ठरेल. मेसिएला कुणीतरी वही दिली, फ्लेमिंगला कुणीतरी टेबल दिले, ह्युमसनला कुणीतरी दुर्बिणीपाशी उभे राहू दिले. वही, टेबल आणि दुर्बीण आपल्या वस्तीत आणणे हे आपले, मोठ्यांचे काम आहे.

ते फार अवघडही नाही. पाच-सहा कुटुंबांनी किंवा मंडळाने वर्गणी काढून एक साधी द्विनेत्री दुर्बीण घ्यावी. तिच्यावर १० × ५० असे आकडे असतात. पहिला आकडा किती पट मोठे दिसते त्याचा, दुसरा पुढच्या भिंगाच्या व्यासाचा, मिलिमीटरमध्ये. तिच्यातून कृत्तिकांचे कितीतरी जास्त तारे दिसतात आणि मृगातला धूर स्पष्ट होतो. गावाकडच्या अंधारात देवयानीचा लांबट आकारही ओळखता येतो. मात्र तिने सूर्याकडे चुकूनही पाहू नये, डोळे कायमचे जातात. ही सूचना मुलांना पहिल्याच दिवशी द्यावी.

आणखी एक करावे. मुलांना दोनशे पानी वही द्यावी. तारीख, वेळ, काय दिसले, कुठल्या दिशेला, असे चार रकाने आखून द्यावेत. पाहिले तेवढेच लिहावे. ऐकलेले लिहू नये. महिन्याने त्या वह्या सर्वांनी मिळून वाचाव्यात.

पुढच्या लेखात मृगाच्या मागे लागलेल्या व्याध ताऱ्याची माहिती घेऊ. तोपर्यंत कृत्तिकांत तुमच्या घरच्यांना किती चांदण्या मोजता आल्या, ते वहीत लिहून ठेवा.